एकटीचं समूहगान

१२ ऑक्टोबर, शनिवार

ताइनानला परत आले. सामान म्हणजे एक सुटकेस, एक माइक आणि माझं लूप मशीन. स्टेशनवर आबा स्कूटर घेऊन उभे होते. सहा वर्षांनी लेक कायमची म्हणावी अशी घरी येतेय, तर माणूस काहीतरी बोलेल. आबा म्हणाले, "डबा पुढे मांडीवर घेतेस की मागे बांधू?" झालं. तैपेईत ज्याला सगळे आदराने मशीन म्हणत, त्याचा आमच्या गल्लीत शिरण्याआधीच डबा झाला. मी मांडीवर घेतला.

शेजारच्या लिएनकाकू शिवणयंत्र सोडून दारात आल्या. "अगं युन, हे काय वाजवायचं असतं?"

"वाजवायचं नाही काकू. मी एक ओळ गाते, पायाने खटका दाबते, की डबा ती ओळ परत परत म्हणत राहतो. त्यावर मी दुसरा सूर गाते, मग तिसरा. शेवटी मी एकटीच सात-आठ जणी होते."

"म्हणजे भांडायला पण घराबाहेर जायला नको," काकू म्हणाल्या आणि आत गेल्या.

आता खरं कारण लिहिते, इथे तरी. रेकॉर्ड कंपनीच्या फांगबाईंनी बोलावलं होतं. त्यांचं म्हणणं, आवाज सोन्यासारखा आहे, डबा तेवढा सोडा. मागे वाद्यवृंद देतो, प्रेमाची गाणी देतो, पोस्टर लावतो. सात नोव्हेंबरपर्यंत उत्तर हवं. बाई वाईट नाहीत. आणि सहा वर्षांत मी काय कमावलं ते मलाही माहीत आहे. सगळ्यात रंगलेला कार्यक्रम मागच्या हिवाळ्यात शिंचूच्या जुन्या चित्रपटगृहात झाला, अर्धं भरलं होतं. सगळ्यात पडेल कार्यक्रम मे महिन्यात एका पुस्तकांच्या दुकानात. श्रोते दोन. एक मांजर, आणि दुसरा दारापाशी रेनकोटची टोपी डोळ्यांवर ओढून पाऊस थांबायची वाट बघणारा कोणीतरी. मांजर तिसऱ्या गाण्याला उठून गेलं. पाऊस थांबला नाही म्हणून तो दुसरा राहिला.

जेवताना आबांनी काही विचारलं नाही. माशाची पेज पुढे ठेवली, काटे काढून. कपाटात शिंचूच्या शेवयांची पाकिटं दिसली. कधी गेला होतात म्हणून विचारलं तर म्हणाले, "मासेवाल्यांच्या संघाची सहल." शिंचूला वाऱ्याशिवाय बघण्यासारखं काय आहे, संघालाच माहीत.

१५ ऑक्टोबर, मंगळवार

पहाटेपासून आबांच्या पेजेच्या दुकानात हात लावला. मासा सोलायची सवय गेली आहे, बोटाला दोन पट्ट्या.

या वर्षी आबा देवळाचे यजमान आहेत. मागच्या उत्सवात गल्लीतल्या सगळ्या घरांची नावं घेऊन राजेसाहेबांपुढे, म्हणजे आमच्या देवापुढे, कौल लावले, आबांच्या नावावर होकारामागून होकार पडत गेले, आणि धूपपात्र वर्षभरासाठी आमच्या घरी आलं. मान मोठा आणि डोकेदुखी त्याहून मोठी, कारण राजेसाहेबांच्या जन्मदिवसाला त्यांच्यासाठी खेळ आणायचा तो यजमानाने. हातबाहुल्यांचा खेळ ठरलेला होता. आज बातमी आली की बाहुलीवाले आजोबा जिन्यावरून घसरले आणि मनगट मोडलं. हा उत्सवांचा हंगाम, दुसरी मंडळी आता मिळतात कुठे? आबांनी दुपारभर फोन केले. सगळ्यांचं आधीच दुसरीकडे ठरलेलं होतं.

संध्याकाळी सुऱ्या धुताना, माझ्याकडे न बघता म्हणाले, "तूच गा की."

"अडला हरी," मी म्हटलं.

"पुढचं म्हणू नकोस."

मी पुढचं म्हटलं नाही. पण मनात आलंच. इतक्या वर्षांत एकदाही माझ्या कार्यक्रमाला न आलेला माणूस आता बाहुलीवाला पडला म्हणून मला बोलावतोय. राग आला आणि हसूही आलं. मी हो म्हटलं.

१८ ऑक्टोबर, शुक्रवार

देवळाच्या मंडळाची बैठक. अध्यक्ष को यांचं खिळे-रंगाचं दुकान आहे आणि बोलणंही साधारण खिळ्यांसारखंच.

"आ-थू, मला नीट समजव," ते आबांना म्हणाले. "पडदा नाही, बाहुल्या नाहीत, ढोल नाही. एक पोरगी आणि एक डबा. राजेसाहेबांना मी काय सांगू, या वर्षी उपास आहे म्हणून?"

"मागच्या वर्षी जीपच्या टपावर नाचणाऱ्या पोरी आणल्या होत्या, तेव्हा काय सांगितलंत?" लिएनकाकू म्हणाल्या. "आणि तुम्हीच सगळ्यात पुढे बसला होतात."

"मी व्यवस्था बघत होतो."

"तेच म्हणते, व्यवस्थित बघत होतात."

मग आबा उठले. मला वाटलं, माफी मागून बसतील. पण त्यांनी डबा कसा चालतो ते सांगायला सुरुवात केली. आधी ती जिभेने टक टक करते, तो ताल. मग खालचा सूर, तो भिंतीसारखा उभा राहतो. मग त्यावर एकेक मजला. शेवटी डावीकडचा खटका बराच वेळ दाबून धरते, की सगळे आवाज एकदम जातात आणि ती एकटी उरते. "तिथे फार छान वाटतं," आबा म्हणाले. "शिंचूच्या हॉलमध्ये घुमायचं जरा. इथे अंगणात उघड्यावर मोकळं येईल."

मी बघतच राहिले. हॉल घुमायचा, हे मी कधीतरी फोनवर सांगितलं असणार. फोनवर नुसतं हूं हूं करतात, पण ऐकत असतात म्हणायचे.

शेवटी नेहमीचंच ठरलं. माणसांचं जमलं नाही, तर राजेसाहेबांना विचारा.

२० ऑक्टोबर, रविवार

कौल लावला. अख्खी गल्ली जमली होती, फुकटची करमणूक.

मी उदबत्ती लावली, नाव-पत्ता सांगितला, दोन्ही अर्धचंद्री लाकडं हातात घेतली आणि मनात विचारलं, राजेसाहेब, माझी गाणी तुम्हाला आवडतील का? टाकली. दोन्ही सपाट बाजू वर. म्हणजे देव हसला.

परत विचारलं. परत हसला. तिसऱ्यांदा जरा घासून विचारलं. तिसऱ्यांदाही हसला. मागून कोणीतरी पोरगं फिदीफिदी करायला लागलं आणि त्याला फटका बसल्याचा आवाज आला. माझे कान गरम झाले. माणसं हसतात याची सवय आहे, तैपेईत सहा वर्षांत झाली आहे. पण देवानेही लाकडं टाकून हसावं?

"आटपा," को अध्यक्ष म्हणाले. "नको म्हणताहेत."

"नको म्हणाले तर दोन्ही पालथी पडतात," आबा म्हणाले. "हसताहेत म्हणजे प्रश्न कळला नाही. काय विचारलंस गं?"

मी सांगितलं. लिएनकाकूंनी कपाळाला हात लावला. "अगं, वाढदिवस त्यांचा आणि विचारतेस स्वतःबद्दल. पाहुण्याला जेवायला वाढायच्या आधीच, स्वयंपाक कसा झालाय म्हणून विचारतात का?"

मग मी विचारलं, राजेसाहेब, तुमच्या जन्मदिवसाला मी गाऊ का? एक सपाट, एक पालथं. होकार. दुसऱ्यांदा होकार. तिसऱ्यांदा एक लाकूड गरगर फिरत राहिलं, को अध्यक्ष त्याच्यावर ओणवे झाले, आणि ते पडलं ते होकार देऊनच.

आबांनी काहीच दाखवलं नाही. घरी येताना मात्र स्कूटरला किल्ली लावायला विसरले आणि बराच वेळ नुसतेच बसून राहिले.

२४ ऑक्टोबर, गुरुवार

तालमी चालू. माझ्या खोलीची खिडकी काकूंच्या शिवणयंत्रासमोर उघडते. आज त्या पँट घेऊन आल्या, शिवण नागमोडी गेलेली.

"तुझं ते हुं-हूं-हुं किती वेळा असतं?"

"जोपर्यंत थांबवत नाही तोपर्यंत."

"माझा पाय तुझ्या तालावर चालतो गं. ही को अध्यक्षांची पँट आहे. मी सांगणार आहे की देवाच्या कामात वाकडी झाली."

खेळाची वेळही ठरली. आबांनी पंचांग काढलं, को अध्यक्षांनी चष्मा काढला, दोघांचं एकमत झालं ही वर्षातली पहिलीच वेळ. पाच नोव्हेंबर, संध्याकाळी सातचा मुहूर्त उत्तम. बाहुल्यांचा खेळ नेहमी दुपारी असायचा, त्या वेळी उन्हात माणसं पेंगतात. सात बरे. मीही मान डोलावली.

२७ ऑक्टोबर, रविवार

नवं गाणं होत नाहीये. चार सूर चढवले की पाचवा गर्दी करतो. डबा बंद करून तेच गाणं साधं म्हणून बघितलं. बरं वाटलं. हेच वाईट आहे.

३० ऑक्टोबर, बुधवार

फांगबाईंचा फोन. त्यांनी एक चाल पाठवली होती, पियानोवरची. मी दार लावून म्हणून बघितली. छान आहे. लबाडी कशाला, खरंच छान आहे. बस स्टॉपवर उभी असलेली माणसं गुणगुणतील असली. माझं गाणं आजवर बस स्टॉपवर कोणी गुणगुणलं नाही.

मग मी पैजच लावली स्वतःशी. उत्सवाला आपल्या गल्लीतली माणसं शेवटपर्यंत बसली, तर फांगबाईंना नाही म्हणायचं. स्टुलं रिकामी झाली, तर सही करायची आणि डबा विकून टाकायचा. परक्यांनी नाकारलं तर माणूस म्हणतं, त्यांना कळलं नाही. आपल्यांनी नाकारल्यावर काय म्हणणार?

आबांना सांगितलं. ते उद्याच्या पेजेचे तांदूळ निवडत होते.

"स्टुलं मोजणार तू?"

"मोजणार."

"गाणार कधी मग?"

आबांनी तांदळातला एक खडा वेचून टाकला. मग म्हणाले, "ते पावसाचं गाणं जरा आवर. मांजर उठलं ना, तिथेच संपव."

मांजराची गोष्ट मी फक्त लिएनकाकूंना सांगितली होती. या गल्लीत पोटात काही राहत नाही कोणाच्या.

४ नोव्हेंबर, सोमवार

रंगमंचाचा ट्रक आला. एक बाजू खाली पाडली की पाट होतो, वर दिव्यांची कमान. मी उत्साहाने दुपारभर वायरी ओढल्या, स्पीकर लावले, माइक उभा केला. को अध्यक्ष आले, बघितलं, आणि हातातला चहा खाली ठेवला.

"पोरी, तोंड कुठे करून उभी राहणार?"

"रस्त्याकडे. लोक तिकडून येतील ना."

"आणि राजेसाहेबांनी काय तुझी पाठ बघायची?"

शरमेने मेले. लहानपणापासून बघत आले आहे, खेळ देवासाठी असतो, रंगमंचाचं तोंड गाभाऱ्याकडे, माणसं आपली मधल्या अंगणात. सहा वर्षं कॉफीच्या दुकानांतून गाऊन एवढंही विसरले. सगळं उलटं फिरवलं. को अध्यक्षांनी स्वतः एक स्पीकर उचलला, आणि उचलताना पँटची ती शिवण उसवली. लिएनकाकूंचं नाव त्यांनी घेतलं नाही, पण बघितलं त्यांच्याकडेच.

आता मी उभी राहिले की बरोबर समोर राजेसाहेब दिसतात, काळेभोर चेहऱ्याचे, धुराने माखलेले. त्यांच्या नि माझ्यामध्ये लाल प्लास्टिकची स्टुलं. पुष्कळ आहेत. इतकी कशाला मागवली आबांनी?

५ नोव्हेंबर, मंगळवार

घाईत लिहितेय, अक्षर वेडंवाकडं येईल, येऊ दे.

सातला सगळी स्टुलं भरलेली. मी मोजली. हो, मोजली. आबा यजमानाच्या लाल पट्ट्यासह पहिल्या रांगेत. पूजा आटोपल्यावरचं पहिलं गाणं बरं गेलं. टकटक चढवली, खालचा सूर चढवला, पोरं आधी स्पीकरच्या मागे जाऊन बघून आली की बाकीच्या बायका कुठे बसल्यात. एक आजी म्हणाल्या, "एवढ्या सगळ्या एकाच घशातून? दमत नाही का गं?" टाळ्या पडल्या. मला वाटलं, जमतंय.

दुसरं गाणं संथ. पहिले दोन आवाज चढवले, तिसऱ्यासाठी श्वास घेतला, आणि कालव्याच्या टोकाकडून कचऱ्याच्या गाडीचं गाणं ऐकू आलं.

साडेसात. मंगळवार. पंचांग बघितलं, देवाला विचारलं, पण गाडीची वेळ कोणी बघितली नाही. माझं एक ठीक आहे, तैपेईच्या इमारतीत तळघरात पिंप असायचं, सहा वर्षांत मी विसरले. पण आबा आणि को अध्यक्ष? इथे कचरा रस्त्यावर ठेवायचा नाही, गाडी आली की पिशवी हातात घेऊन उभं राहायचं, आणि गाडी काही कोणासाठी थांबत नाही. उद्या बुधवार, गाडी येतच नाही. आज चुकली ती थेट परवावर.

सगळ्यात आधी लिएनकाकू उठल्या. माझ्याकडे बघून ओशाळं हसल्या आणि पळाल्या. मग ती आजी. मग रांगच्या रांग. को अध्यक्ष वायरी तपासल्यासारखं करत स्पीकरपर्यंत चालत गेले आणि तिथून धूम ठोकली. बघता बघता अंगण रिकामं. लाल स्टुलं, दोन-चार आडवी पडलेली, समोर राजेसाहेब.

आणि आबा.

आमचं दुकान अंगणाला लागूनच. दारात पिशवी बांधून ठेवलेली मला वरून दिसत होती, तट्ट फुगलेली. उत्सवाच्या पेजेसाठी आज दुप्पट मासे सोलले, त्यांची डोकी, आतडी, खवले, सगळं त्यात. या उकाड्यात. माझ्या जन्मात आबांची गाडी कधी चुकलेली नाही. ताप असतानाही घोंगडी पांघरून गेले आहेत. आज त्यांनी गाडीच्या आवाजाकडे बघितलं, पिशवीकडे बघितलं, मग वर माझ्याकडे बघितलं. आणि स्टूल जरा पुढे ओढून नीट बसले.

मला रडू फुटलं. गाताना रडलं की आवाज बसतो, म्हणून मी आणखी मोठ्याने गायले. त्या गडबडीत पाय खटक्यावर गेला. डब्याने माझा सूर घेतलाच, पण गाडीचं गाणंही घेतलं, लख्ख, माइक उघडाच होता. आता ते माझ्या दोन आवाजांबरोबर फिरायला लागलं. पुसायचं तर डावा खटका, आणि त्याने सगळंच गेलं असतं. मग मी पुसलं नाही. त्या गाण्याच्या वर एक सूर धरला. बसला. खाली एक धरला, तोही बसला. मला पाचवा सूर गर्दी करतो असं वाटत होतं ना, आज सातवाही अंग चोरून आत मावला. स्टुलं रिकामी आहेत हे मी मध्येच विसरून गेले. इतकं मोकळं मी आजवर गायले नाही, हे उद्या खोटं वाटेल म्हणून आजच लिहून ठेवते.

गाडी केव्हाच निघून गेली होती. पण तिचं गाणं माझ्या स्पीकरमधून चालूच होतं, आणि आबांनी स्पीकर मागवलेत ते दहा गल्ल्यांना ऐकू जातील असले. मागच्या वस्तीतून, कालव्यापलीकडच्या इमारतींमधून, गाडी गाठायला ज्यांना उशीर झाला होता, ती सगळी माणसं पिशव्या घेऊन देवळाकडे धावत आली. एकीच्या पायात एकच चप्पल. एक माणूस दाढीच्या फेसासकट.

"गाडी कुठाय?"

"गाडी नाही," आबा वळून म्हणाले. "माझी मुलगी गातेय."

"मग गाडीचं गाणं?"

"तेच गातेय. बसा."

तो फेसवाला घटकाभर उभा राहिला. मग पिशवी मांडीवर घेऊन बसला. बाकीचेही बसले. आमच्या गल्लीतले हात रिकामे करून परत आले तेव्हा त्यांच्या स्टुलांवर परकी माणसं, मांडीवर कचरा. को अध्यक्ष ओरडत होते, देवाच्या अंगणात घाण आणू नका. त्यांना कोणीतरी श् केलं. लिएनकाकू आबांच्या शेजारी येऊन उभ्या राहिल्या, नाकाला पदरासारखा रुमाल लावून, आणि शेवटपर्यंत हलल्या नाहीत.

शेवटी मी डावा खटका दाबून धरला. सगळे आवाज गेले, गाडीही गेली, मी एकटी उरले आणि शेवटची ओळ म्हटली. आबा म्हणतात तसं तिथे खरंच छान वाटतं.

खेळ संपल्यावर को अध्यक्षांनी राजेसाहेबांना विचारलं, खेळ पावला का? पहिल्याच फेकीत होकार. त्यांनी गुडघे टेकून लाकडं जवळून बघितली, मग उठले आणि म्हणाले, "पुढच्या वर्षी वेळ मी ठरवणार."

६ नोव्हेंबर, बुधवार

वास. दुसरं काही सुचत नाही. पिशवीला आणखी दोन पिशव्या चढवल्या, बर्फ घातला, वर पाट ठेवला. गिऱ्हाइकं पेज बाहेर उभी राहून प्यायली. सगळी गल्ली नाक दाबून चालतेय आणि कोणी एक शब्द बोलत नाही, हे या गल्लीत पहिल्यांदाच होतंय.

दुकान बंद केल्यावर मी विचारलं, "आबा, काल गेला का नाहीत पिशवी घेऊन?"

"खेळ चालू होता."

"सगळे गेले."

"सगळे गेले म्हणूनच." त्यांनी फळी घासायला घेतली. बराच वेळ घासली. मग म्हणाले, "तू म्हणाली होतीस ना, स्टुलं रिकामी झाली तर त्या बाईंकडे जाणार. मी बसलो होतो. मग रिकामी झाली कशी?"

मी दुसरा ब्रश घेतला आणि त्यांच्या शेजारी घासायला लागले. मला माझे वडील फार आवडतात. हे त्यांना सांगायला हवं होतं, पण ते म्हणाले, "कोपरा राहिला," आणि मी कोपरा घासला.

७ नोव्हेंबर, गुरुवार

सकाळी फांगबाईंना फोन केला. नाही म्हणून सांगितलं.

"डब्यासाठी?" त्या म्हणाल्या.

"हो."

"वेडी आहेस तू." मग, "पुढचा कार्यक्रम कुठे आहे?" मी सांगितलं, मासळीबाजाराजवळच्या देवळात, तिथल्या यजमानीणबाईंचा काल निरोप आला. बाई हसल्या. वाईट नव्हत्या हसल्या. येईन म्हणाल्या बहुतेक.

संध्याकाळी आबांना घरी बसवलं आणि पिशवी मी नेली, हात लांब धरून. अख्खी गल्ली ओळीने उभी होती, मला सगळ्यांनी आदराने, म्हणजे वासामुळे, बरीच जागा सोडली. गाडी कालव्यावरून वळली, तिचं गाणं सुरू झालं. आणि लिएनकाकूंनी, पिशवीची गाठ मारता मारता, माझा वरचा सूर धरला. मंगळवारचा. त्यांना बहुधा कळलंही नसावं. त्यांच्यामागच्या आजींनी खालचा धरला. को अध्यक्ष इकडेतिकडे बघत होते आणि ओठ हलत होते. मग मागून, आमच्या दुकानाच्या दारातून, तिसरा सूर आला, तो सगळ्यात अवघड. बसवलं होतं तरी आबा आले होतेच. जराही चुकले नाहीत.

मी पिशवी गाडीत टाकली. गाडी पुढे गेली, कोपऱ्यावर वळली, तिचं गाणं ऐकू येईनासं झालं. गल्ली गातच होती. डबा घरात माझ्या खोलीत होता, बंद.